कापडाचं आभाळ

सत्यजित राय यांचा १९५६ चा ‘अपराजितो’ पाहाल, तेव्हा त्यातल्या हरिहरच्या काशीतल्या घराचा चौक जरा निरखून बघा. जुनाट भिंती आणि वरून झिरपणारा मऊ उजेड. हे शूटिंग काशीतल्याच घरात झालंय, अशी पैज तुम्ही लावाल आणि हराल! हा चौक कलकत्त्याच्या स्टुडिओत बांधला होता.

तो उभा केला बन्सी चंद्रगुप्त यांनी. तेव्हा कलादिग्दर्शक म्हणत, आज प्रोडक्शन डिझायनर म्हणतात. खरं घर कुठे घ्यायचं, कुठे सेट लावायचा, भिंतीचा गिलावा किती वर्षांचा दिसायला हवा, हे सगळं यांनी ठरवायचं.

पण नुसत्या भिंतींनी काशी होते का? खरी गोम उजेडात आहे. उंच घरांच्या मधल्या चौकात तळापर्यंत ऊन पोचत नाही, पोचतो तो आभाळाचा उजेड. तो वरून सगळीकडून उतरतो, म्हणून सावल्यांना धारच नसते. स्टुडिओतल्या दिव्याची सावली मात्र कापून काढल्यासारखी पडते. दोन दिवे लावले, तर सावल्याही दोन! म्हणूनच छायालेखक सुब्रत मित्र या सेटच्या विरोधात होते. पण पावसाळ्यात उघड्या चौकात शूटिंग करणार कसं?

शेवटी सेटवर पांढरं कापड ताणलं आणि खालून दिवे मारले ते थेट त्या कापडावर! समोरच्या चुना दिलेल्या भिंतीवर ऊन पडलं की आपली अंधारी खोलीही उजळते ना, अगदी तसंच. दिवे विसरले गेले, कापडच आभाळ झालं. ही युक्ती लढवणारे सुब्रत मित्र तेव्हा पंचविशीतले होते! दिवे असे परतवून वापरणं आज सर्रास चालतं. चंद्रगुप्तांच्या भिंती खऱ्या वाटतात, त्यात या उजेडाचा वाटा निम्मा आहे, असं मला वाटतं.

पुढे ‘नायक’ या चित्रपटासाठी चंद्रगुप्तांनी रेल्वेचा डबाच स्टुडिओत बांधला. खिडकीबाहेर पळणारं जग मागच्या पडद्यावर टाकलेलं होतं!

त्यांचं एक काम तर आपल्या फार जवळचं आहे. जयवंत दळवींच्या ‘चक्र’ कादंबरीवरच्या हिंदी चित्रपटाचं कलादिग्दर्शन त्यांचंच. १९८१ मध्ये ते गेले. त्या कामाचा फिल्मफेअर पुरस्कार त्यांच्या मृत्यूनंतर जाहीर झाला.