काटा हलला नाही, तरी चालणं सोडू नका



गेल्या महिन्यात एका बचत गटाच्या बैठकीला गेले होते. हप्ते जमा झाले, चहा झाला आणि एक ताई म्हणाल्या, "बाई, डॉक्टरांनी सांगितलं म्हणून दीड महिना रोज पहाटे चालले. परवा वजन केलं, तर काटा जागचा हलला नाही. मग उगाच पाय कशाला दुखवून घ्यायचे?" बाकीच्या बायकांनीही माना डोलावल्या. या ताईंच्या आईला मधुमेह होता आणि त्यांची स्वतःची साखर आता काठावर आली आहे. त्यांना त्या दिवशी जे सांगितलं, तेच आज तुम्हा सगळ्यांना सांगते.

आपण भाकरी, भात खाल्ला की त्याची साखर होऊन रक्तात येते. ही साखर ठेवायचं सगळ्यात मोठं कोठार म्हणजे आपल्या मांड्या, पाठ, दंड यांचे स्नायू. कोठाराला कुलूप असतं आणि त्याची किल्ली म्हणजे इन्सुलिन. पोटात जठराच्या मागे स्वादुपिंड नावाचा अवयव आहे, तो ही किल्ली तयार करतो.

पोटात, यकृतात आणि स्नायूंत चरबी साठली की कुलूप गंजल्यासारखं होतं. एका किल्लीनं उघडत नाही, म्हणून स्वादुपिंड जास्त किल्ल्या पाठवतं. अशी काही वर्षं जातात. बाहेरून काही कळत नाही, पण हळूहळू स्वादुपिंड थकतं, रक्तातली साखर वाढते आणि मग तपासणीत मधुमेह निघतो.

आता चालण्यानं काय होतं ते ऐका. स्नायू कामाला लागले की या कोठाराचं मागचं दार उघडतं. त्याला इन्सुलिनची किल्ली लागत नाही, साखर थेट आत जाते. शिवाय काम करताना कोठारातला साठा खर्च होतो, म्हणून नंतर जेवलं की नवा माल ठेवायला जागा असते. पुढच्या दाराचं कुलूपही सैल होतं आणि थोड्या इन्सुलिनमध्ये काम भागतं. हा फायदा पहिल्या दिवसापासून मिळतो. त्यासाठी आधी वजन उतरावं लागत नाही.

मात्र एका दिवसाच्या चालण्याचा असर साधारण एक-दोन दिवसच टिकतो. मग कुलूप पुन्हा घट्ट व्हायला लागतं. म्हणून रविवारी एकदम दोन तास चालण्यापेक्षा रोज अर्धा तास चाललेलं बरं. लागोपाठ दोन दिवस खाडा करू नका.

याचा पुरावा आपल्याच देशात आहे. चेन्नईच्या डॉक्टरांनी साखर काठावर असलेल्या ५३१ माणसांचा तीन वर्षं अभ्यास केला आणि तो २००६ साली प्रसिद्ध झाला. ज्यांना नेहमीचाच सल्ला मिळाला, त्यांच्यातल्या १०० पैकी ५५ जणांना मधुमेह झाला. ज्यांनी आहार सांभाळला आणि रोज चालण्यासारखा व्यायाम केला, त्यांच्यात १०० पैकी ३९ जणांना झाला. विशेष म्हणजे या लोकांचं वजन काही फारसं उतरलं नव्हतं.

"मी तर बारीक आहे, मला काय होतंय?" असंही काही जणी म्हणतात. पुण्याच्या केईएम रुग्णालयाच्या डॉक्टरांनी १९९३ पासून पुण्याजवळच्या खेड्यांतल्या गरोदर बायकांचा आणि त्यांच्या बाळांचा अभ्यास केला. आपली बाळं इंग्लंडच्या बाळांपेक्षा वजनानं बरीच कमी भरली, अंगात स्नायू कमी, पण चरबी मात्र त्या मानानं जास्त. म्हणजे दिसायला बारीक असलं, तरी आत चरबी असू शकते. त्यामुळे वजनकाट्यापेक्षा कंबर मोजा. शिवणाचा टेप घ्या, बरगड्या आणि कमरेचं हाड यांच्या मधोमध धरा, श्वास सोडा आणि बघा. बाईची कंबर ८० सेंटिमीटर, म्हणजे साधारण साडेएकतीस इंच किंवा त्याहून जास्त भरली, तर साखर तपासून घ्यायला हवी. नियमित चालण्यानं वजन तेवढंच राहूनही पोटातली चरबी कमी होऊ शकते.

"दिवसभर शेतात राबतो, तो व्यायाम नाही का?" आहे ना. डोक्यावर ओझं वाहणं, खणणं, भराभर चालणं, हे सगळं धरायचं. पण हंगाम संपल्यावर काय? आता पाणी दारात येतं, दळण गिरणीत जातं, बाजाराला गाडीवरून जातो. शिवणकाम, निवडणं-टिपणं यात तासन् तास बसणं होतं. ज्या दिवसांत अंगमेहनत कमी, त्या दिवसांत चालणं हवंच.

किती चालायचं? आठवड्यात पाच दिवस, रोज अर्धा तास. एकदम जमत नसेल तर दहा-दहा मिनिटं तीनदा. जेवणानंतर चाललं तर साखर एकदम चढत नाही. वेग असा ठेवा, की मैत्रिणीशी बोलता यावं, पण ओवी म्हणता येऊ नये. जोडीला आठवड्यातून दोनदा स्नायूंची ताकद वाढवा. खुर्चीवर किंवा ओट्यावर बसायचं, हाताचा आधार न घेता उठायचं, असं दहा वेळा. गुडघे दुखत असतील तर थोडा आधार घ्या.

काही गोष्टी सांभाळा. मधुमेहाची गोळी किंवा इन्सुलिन चालू असेल, तर व्यायाम सुरू करण्याआधी डॉक्टरांना विचारा. उपाशी चालू नका, पदराला गूळ-साखर बांधून ठेवा. घाम फुटला, हात थरथरले, गरगरलं तर लगेच थांबा आणि ती खा. चप्पल घातल्याशिवाय चालू नका, रात्री तळपाय बघा. छातीत दुखलं किंवा दम कोंडला तर थांबा आणि दवाखाना गाठा. गरोदर बायकांनी आधी डॉक्टरांना किंवा नर्सताईंना विचारावं. आणि चालायला लागलो म्हणून औषध आपल्या मनानं बंद करायचं नाही.

त्या ताई आता पुन्हा चालतात, शेजारच्या दोघींना घेऊन. वजन अजून फार उतरलेलं नाही, पण त्या आता तीन महिन्यांच्या सरासरी साखरेची तपासणी करून घेणार आहेत. तुमच्या पुढच्या बैठकीला एकीनं टेप आणा, सगळ्यांच्या कमरा मोजा, वहीत तारीख घालून लिहा. तीन महिन्यांनी पुन्हा मोजा. आणि बैठक संपली की गाडीवर बसू नका, घोळक्यानं चालत घरी जा.