आकाला : हवाईतील दुर्मीळ रानरासबेरी आणि तिचा अधिवास

हवाई बेटांवर ‘आकाला’ या नावाने ओळखल्या जाणाऱ्या रानरासबेरीच्या दोन जाती आहेत. त्यांपैकी ‘रूबस हवाईएन्सिस’ बऱ्याच ठिकाणी दिसते. ‘रूबस मॅक्राई’ मात्र मावी व हवाई या दोन बेटांच्या उंच, धुकट उतारांपुरतीच मर्यादित व दुर्मीळ आहे. १८२५ मध्ये ‘ब्लॉन्ड’ जहाजातून तेथे आलेल्या जेम्स मॅक्रे या स्कॉटिश वनस्पतिसंग्राहकाचे नाव तिला मिळाले. दोन्ही जाती एकाच पूर्वजाच्या असाव्यात असा समज होता. १९९७ मधील डीएनए-अभ्यासाने त्या स्वतंत्रपणे बेटांवर पोहोचल्याचे दाखविले.

या बेटांवर मूळचा चरणारा सस्तन प्राणी एकही नव्हता. वटवाघूळ हाच काय तो स्थानिक भूचर सस्तन प्राणी! १७७८ मध्ये कुकने शेळ्या आणल्या, पुढे गुरे आली. रानटी झालेल्या शेळ्या-डुकरांनी झुडपे खाल्ली, जमीन उकरली. त्यामुळेच मावीवरील हालेआकाला राष्ट्रीय उद्यानाला कुंपण घालावे लागले.

कुंपण प्राण्यांना अडवते, पक्ष्यांना नाही. कुमाऊंमध्ये मुले आवडीने खातात ती पिवळी ‘हिसालू’, म्हणजे ‘रूबस एलिप्टिकस’, आज हवाईत उपद्रवी तण ठरली आहे. तिचे बी पक्षी पसरवितात. झुडूप तोडले तरी मुळांतून पुन्हा फुटते. तिच्यावर कीटक सोडावेत, तर प्रश्न सगोत्रतेचा आहे : हिसालूवर जगणारा कीटक आकालालाही खाऊ शकतो.