कॉस्टेलोंच्या दप्तरात अडलेले टिपण

डॉ. नोएल ब्राउन यांची गोष्ट सहसा एकाच चालीवर सांगितली जाते. क्षयाने आईवडील गमावलेला आणि स्वतःही क्षयातून उठलेला तरुण डॉक्टर १९४८ साली आयर्लंडचा आरोग्यमंत्री होतो, आयांना आणि मुलांना फुकट उपचार द्यायला निघतो आणि कॅथलिक धर्मगुरू त्याला खुर्चीवरून खाली ओढतात. गोष्ट खोटी नाही, पण फार सोयीची आहे. १२ एप्रिल १९५१ रोजी डब्लिनच्या दैनिकांनी छापलेला पत्रव्यवहार तारखांच्या क्रमाने लावला, तर दोषाची वाटणी बदलते. हरकत धर्मगुरूंनी घेतली. तिला हुकमाचे वजन मात्र लोकांनी निवडून दिलेल्या मंत्रिमंडळाने दिले आणि ते देताना स्वतःची बाजू वेळेवर मांडलीसुद्धा नाही.

माता-बालक योजना ही ब्राउन यांच्या डोक्यातून निघालेली नव्हती. तिचा पाया आधीचे पंतप्रधान डी व्हॅलेरा यांच्या सरकारने संमत केलेल्या १९४७ च्या आरोग्य कायद्यात होता. त्या वर्षीच बिशपांनी खासगीत नाराजी कळवली होती, पण निवडणूक आली, सरकार गेले आणि हे गाठोडे जॉन कॉस्टेलो यांच्या पाच पक्षांच्या आघाडीच्या अंगावर पडले. ब्राउन तेव्हा बत्तीस वर्षांचे होते. संसदेत पाऊल ठेवले त्याच दिवशी ते मंत्री झाले. घोड्यांच्या शर्यतींवरच्या ‘हॉस्पिटल स्वीपस्टेक’ सोडतीचा पैसा सढळ हाताने वापरून त्यांनी क्षयरुग्णांसाठी खाटा उभ्या केल्या. त्या कामावर सगळे खूश होते. मग त्यांनी गर्भवती, बाळंतिणी आणि सोळा वर्षांपर्यंतची मुले यांच्यासाठी उत्पन्नाची अट नसलेली मोफत सेवा मांडली आणि बिनसले. पहिला विरोध डॉक्टरांच्या संघटनेचा होता. पैसे देऊ शकणारा रोगीही फुकटात गेला तर खासगी धंद्याचे काय, हा त्यांचा प्रश्न सरळ होता. धर्मगुरूंचा विरोध त्याच सुमारास तत्त्वाचा पोशाख घालून आला.

बिशपांची हरकत कळवणाऱ्या, फर्न्सचे बिशप जेम्स स्टाँटन यांच्या सहीच्या पत्रावर तारीख आहे १० ऑक्टोबर १९५०. दुसऱ्याच दिवशी डब्लिनचे आर्चबिशप मॅक्वेड यांच्या निवासस्थानी ब्राउन तीन धर्मगुरूंना भेटले आणि आपण त्यांचे समाधान केले अशा समजुतीत बाहेर पडले. समोरच्यांची समजूत नेमकी उलटी होती. ते पत्र कॉस्टेलोंच्या हाती पडले नोव्हेंबरात. त्यातला मुख्य मुद्दा असा, की दहा टक्के गरजू किंवा हयगय करणाऱ्या पालकांसाठी उरलेल्या नव्वद टक्क्यांचा मुलांच्या आरोग्याची काळजी घेण्याचा हक्क सरकारने काढून घेऊ नये. पण योजनेत सक्ती कुणावरच नव्हती. ज्याला स्वतःच्या पैशाने डॉक्टर गाठायचा त्याला तो मोकळा होता. शिवाय सीमेपलीकडे उत्तर आयर्लंडात ब्रिटिश आरोग्यसेवा १९४८ पासून सर्वांना मोफत होती, तिथले कॅथलिक ती घेत होते आणि त्यांचे बिशप आयरिश बिशपांच्या याच धर्मपीठात बसत होते. ब्राउन यांनी उत्तरादाखल टिपण तयार करून धर्मगुरूंकडे पोचवण्यासाठी पंतप्रधानांकडे दिले. ते मार्चपर्यंत पंतप्रधानांच्या दप्तरातच राहिले. ब्राउन स्वतः बोलून मार्ग काढतील म्हणून थांबलो, हा कॉस्टेलोंचा खुलासा. इकडे ब्राउन उत्तर गेले असे धरून चालले आणि मार्चच्या सुरुवातीला त्यांनी योजना जाहीरही केली. एका कागदाच्या अशा मुक्कामाला मी निव्वळ विसरभोळेपणा म्हणणार नाही.

एप्रिलच्या सुरुवातीला धर्मपीठाचा निर्णय आला: योजना कॅथलिक सामाजिक शिकवणीच्या विरुद्ध आहे. ‘सामाजिक’ हा शब्द ब्राउन यांनी अचूक टिपला. नैतिक शिकवणीचा भंग असता तर श्रद्धावान माणसाला वाटच उरली नसती. सामाजिक शिकवणीत मतभेदाला जागा होती. ६ एप्रिलच्या बैठकीत मंत्रिमंडळाला या फरकात रस नव्हता. योजना गुंडाळली गेली आणि ११ तारखेला ब्राउन यांनी राजीनामा दिला. तो मागितला होता त्यांच्याच पक्षाचे नेते शॉन मॅकब्राइड यांनी.

ब्राउन यांनी खासगी पत्रे वर्तमानपत्रांना देणे हा विश्वासघात होता, हा आक्षेप तेव्हाही होता आणि आजही ऐकू येतो. यातले काहीच लोकांपुढे यायला नको होते, असे कॉस्टेलोंनी संसदेत सांगितले. पण संसदेने संमत केलेल्या कायद्याची अंमलबजावणी पत्रांनी थांबत असेल, तर ती पत्रे खासगी उरतात कशी? दुसरा आक्षेप जास्त जड आहे: ब्राउन हट्टी होते, सहकाऱ्यांशी त्यांचे जमत नव्हते, डी व्हॅलेरांनी हेच काम गोडीगुलाबीने उरकले असते. हट्टीपणा मान्य, पुढच्या तीस वर्षांत त्यांनी जितके पक्ष बदलले, तेवढ्यावरून स्वभावाचा अंदाज येतो. पुन्हा सत्तेवर आलेल्या डी व्हॅलेरांनी १९५३ मध्ये ते काम उरकलेही. बिशपांनी वृत्तपत्रांसाठी तयार केलेले निषेधपत्र मध्यस्थी करून मागे घ्यायला लावले आणि कायदा आणला. पण बाळाची मोफत सेवा उरली सहा आठवड्यांची आणि श्रीमंत गट बाहेरच राहिला. शिवाय बिशप मागे हटले, त्यात १९५१ च्या बोभाट्याचा वाटा होता असे मला वाटते. आपली पत्रे छापून आली की काय होते, हे त्यांनी नुकतेच पाहिले होते. म्हणजे डी व्हॅलेरांच्या मुत्सद्देगिरीलाही ब्राउन यांच्या आगाऊपणाचे भांडवल होते.

एक गोष्ट मात्र ब्राउन यांच्या चाहत्यांना अडचणीची आहे. राजीनाम्यानंतरच्या निवेदनात त्यांनी कॅथलिक म्हणून धर्मपीठाचे मत आपण निःशंकपणे मान्य करतो, असे सांगितले. बंडखोराच्या चित्राला इथे तडा जातो. पण त्यामुळेच पुरावा बळकट होतो: धर्माशी भांडण नसलेला माणूस सरकारच्या दप्तरातला कारभार उघडा करत होता.

सहा वर्षांखालच्या प्रत्येक मुलाला, उत्पन्न न विचारता, घरच्या डॉक्टरची मोफत सेवा आयर्लंडमध्ये १ जुलै २०१५ ला सुरू झाली. आरोग्यमंत्री होते डॉ. लिओ वराडकर, ज्यांच्या वडिलांचे मूळ गाव मालवण तालुक्यातले वराड. डॉक्टरांची कुरकुर याही वेळी होती. बिशपांना मात्र कुणी विचारायला गेले नाही.