'जिन्न': एका कृष्णवर्णीय मायलेकीची गोष्ट

निजला मुमिन या अमेरिकेतल्या कृष्णवर्णीय स्वतंत्र दिग्दर्शिका. २०१८ साली आलेला 'जिन्न' हा त्यांचा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट. टीव्हीवर हवामान सांगणारी आई इस्लाम कबूल करते आणि नाचाची शौकीन, सतरा वर्षांची समर गोंधळते: आईचा दीन आपोआप आपलाही झाला का?

जिन्न आगीपासून बनलेले. ईमान की इन्कार, हे निवडायची मुभा त्यांनाही आहे. समरच्या ओढाताणीला हे नाव शोभतं.

अमेरिकन पडद्यावर मुसलमान म्हणजे बरेचदा बंदूकवाला. इथे मात्र मस्जिद आहे, हिजाब आहे, इन्स्टाग्रामवरच्या फोटोवरून उठलेला गदारोळ आहे. मुलांवर दीन लादायचा की समजावून द्यायचा, हा प्रश्न तर आपल्याही घरात आहेच.