घारापुरी : बेट आणि पंचायत

मुंबईच्या ‘गेटवे ऑफ इंडिया’पासून पूर्वेस सुमारे दहा किलोमीटर अंतरावर, बंदराच्या विस्तीर्ण जलाशयात घारापुरी हे बेट आहे. बाहेरच्या जगाला ते पोर्तुगीजांनी दिलेल्या ‘एलिफंटा’ या नावानेच अधिक परिचित आहे. येथील शैव लेणी आणि त्यांतील सुमारे सहा मीटर उंचीची, तीन मुखे असलेली सदाशिवाची मूर्ती यांची कीर्ती सर्वदूर पसरलेली आहे. १९८७ साली युनेस्कोने या लेण्यांचा जागतिक वारशाच्या यादीत समावेश केला. साहजिकच या बेटावर जे लिहिले गेले आहे, त्याचा बहुतेक सर्व भाग लेण्यांविषयी आहे. या बेटावर माणसेही राहतात, ती घरपट्टी भरतात, मतदान करतात आणि आपला सरपंच निवडतात, या गोष्टीकडे मात्र सहसा कोणाचे लक्ष जात नाही. चारही बाजूंनी पाणी असलेल्या, सुमारे बाराशे वस्तीच्या एका गावाला आपला कारभार आपण कितपत चालवता येतो, या प्रश्नाचा विचार प्रस्तुत प्रकरणात करावयाचा आहे.

भूमी आणि वस्ती

बेटाचा घेर सुमारे सात किलोमीटर आहे. दोन टेकड्या आणि त्यांच्यामधील एक अरुंद खोरे अशी त्याची रचना आहे. प्रमुख लेणी पश्चिमेकडील टेकडीवर असून पूर्वेकडील टेकडीवर बौद्ध अवशेष आहेत. शेतबंदर, राजबंदर आणि मोराबंदर अशा तीन वाड्यांत येथील वस्ती विभागलेली आहे. तिन्ही नावांच्या शेवटी ‘बंदर’ हा शब्द यावा, यातच बेटाच्या जीवनाचे सार आले आहे. येथे येणारी प्रत्येक वस्तू, मग ती तांदळाचे पोते असो, घराची कौले असोत वा निवडणुकीची मतदानयंत्रे, आधी पाण्यावरून येते.

मासेमारी आणि थोडी भातशेती हे येथील परंपरागत व्यवसाय होत. पर्यटन वाढले, तसे लेण्यांकडे जाणाऱ्या पायऱ्यांच्या दुतर्फा दुकाने थाटली गेली आणि अनेक कुटुंबांची उपजीविका येणाऱ्या-जाणाऱ्यांवर अवलंबून राहू लागली. पर्यटकांना बेटावर रात्रीचा मुक्काम करता येत नाही. संध्याकाळची शेवटची बोट सुटली की बेट पुन्हा गावकऱ्यांचे होते.

बेटावरून मुंबई डोळ्यांना दिसते. परंतु शासनाच्या दृष्टीने घारापुरी मुंबईत नाही. ते रायगड जिल्ह्याच्या उरण तालुक्यात मोडते. (१९८१ पर्यंत या जिल्ह्याचे नाव कुलाबा असे होते.) तालुक्याचे ठिकाण उरण, तर जिल्ह्याचे ठिकाण अलिबाग. समोर महानगर असूनही कचेरीच्या कामासाठी मात्र गावकऱ्याला आधी होडीने आणि मग रस्त्याने दुसऱ्याच दिशेस जावे लागते.

कायद्याची चौकट

महाराष्ट्रातील गावकारभाराचा पाया १९५८ च्या ग्रामपंचायत अधिनियमाने घातला गेला. पुढे १९६१ च्या जिल्हा परिषद व पंचायत समिती अधिनियमाने त्यावर आणखी दोन मजले चढवले, आणि १ मे १९६२ पासून ही तीन पायऱ्यांची रचना अस्तित्वात आली. या रचनेत घारापुरीला स्वतःची ग्रामपंचायत आहे. तिच्या वर उरणची पंचायत समिती आणि त्याहून वर अलिबागची जिल्हा परिषद. २४ एप्रिल १९९३ रोजी अमलात आलेल्या त्र्याहत्तराव्या घटनादुरुस्तीने पंचायतींना राज्यघटनेत स्थान दिले. दर पाच वर्षांनी निवडणूक घेणे बंधनकारक झाले आणि स्त्रियांसाठी किमान एकतृतीयांश जागा राखून ठेवण्यात आल्या. महाराष्ट्राने २०११ साली हे प्रमाण निम्म्यावर नेले.

कायद्यानुसार लहानात लहान ग्रामपंचायतीतही सात सदस्य असतात. सरपंचाची निवड पूर्वी हे सदस्य आपल्यातून करीत. २०१७ साली ती थेट मतदारांकडे सोपविण्यात आली, २०२० मध्ये ती तरतूद रद्द झाली आणि २०२२ मध्ये पुन्हा लागू करण्यात आली. पंचायतीचे दप्तर सांभाळणारा सचिव हा शासकीय नोकर असतो. गावकरी त्याला ग्रामसेवक म्हणून ओळखतात.

या सर्वांहून महत्त्वाची संस्था म्हणजे ग्रामसभा. गावातील प्रत्येक मतदार तिचा सभासद असतो. एखाद्या शहरात दोन-तीन लाख मतदारांचा मिळून एक प्रतिनिधी असतो. येथे मतदार स्वतः उठून हिशेब विचारू शकतो. बेटावर तर सरपंच, सदस्य आणि मतदार एकाच वाटेने चालतात व एकाच होडीत बसतात. घेतलेल्या निर्णयाचे परिणाम टाळून दूर जाण्याची सोय कोणालाच नसते. लहान पंचायतीचे बळ यात आहे.

दोन पावत्या

पंचायतीचे काम चालते ते कराच्या पैशावर आणि अनुदानावर. घरपट्टी, पाणीपट्टी, दिवाबत्तीकर हे सर्वत्र परिचित असलेले कर होत. तीनचारशे घरांच्याही आतल्या गावात त्यांतून मिळणारी रक्कम अल्पच असणार. घारापुरीला यापलीकडे एक साधन आहे. धक्क्यावर उतरणाऱ्या प्रत्येक पर्यटकाकडून पंचायत दरडोई एक छोटीशी रक्कम करादाखल घेते.

पर्यटकाच्या हाती येथे दोन पावत्या पडतात. पहिली पंचायतीच्या कराची, काही रुपयांची. दुसरी लेण्यांच्या तिकिटाची, त्याहून मोठ्या रकमेची. ती भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण खात्यामार्फत केंद्र सरकारच्या तिजोरीत जमा होते. केंद्र सरकारच्या मालमत्तेवर स्थानिक संस्थेला सामान्यतः कर बसवता येत नाही, असे राज्यघटनेचे कलम २८५ सांगते. पर्यटकाने मागे टाकलेला कचरा उचलणे, त्याच्यासाठी वाट झाडणे, पिण्याच्या पाण्याची व स्वच्छतागृहांची चिंता करणे या गोष्टींचा भार मात्र मोठ्या प्रमाणावर गावावर येतो. बाराशे वस्तीचे गाव आपल्या लोकसंख्येपेक्षा कितीतरी अधिक माणसांचे यजमानपद वर्षभर सांभाळत असते.

या उत्पन्नाचा दुसरा दोष म्हणजे त्याची अस्थिरता. पावसाळ्यात समुद्र खवळला की बोटी थांबतात आणि कराची वसुलीही थांबते. मार्च २०२० मध्ये साथीमुळे देशातील संरक्षित स्मारके बंद करण्यात आली, तेव्हा हा झरा पूर्णपणे आटला. लेणी दर सोमवारी बंद असतात. त्यामुळे गावाच्या बाजारपेठेची साप्ताहिक सुट्टीही गावाने ठरवलेली नसून दिल्लीहून चालणाऱ्या खात्याच्या नियमाने ठरलेली आहे.

हद्दीवरचे इतर धनी

कागदावर पंचायतीची हद्द म्हणजे संपूर्ण बेट. प्रत्यक्षात या छोट्याशा भूमीवर अनेक यंत्रणांचे अधिकार एकमेकांवर येऊन पडलेले आहेत. लेणी पुरातत्त्व खात्याकडे आहेत. भोवतालचे बंदराचे पाणी मुंबई बंदर प्राधिकरणाच्या कक्षेत येते, तर प्रवासी बोटींना परवाने देण्याचे काम महाराष्ट्र सागरी मंडळ करते. १९८५ च्या एका अधिसूचनेने राज्य शासनाने किनाऱ्यापासून एक किलोमीटरपर्यंतचा पट्टा प्रतिबंधित क्षेत्र म्हणून जाहीर केला. १९९१ पासून किनारा नियमन क्षेत्राचे नियम लागू आहेत. शिवाय, २०१० साली दुरुस्त झालेल्या स्मारकविषयक कायद्यानुसार संरक्षित स्मारकापासून शंभर मीटरपर्यंत नव्या बांधकामास मनाई आहे व त्यापुढील दोनशे मीटरांत पूर्वपरवानगी लागते.

यांपैकी प्रत्येक नियमामागे सयुक्तिक कारण आहे, हे मान्य केलेच पाहिजे. दीड हजार वर्षांची शिल्पे एकदा भंगली की पुन्हा घडवता येत नाहीत. ज्या दगडी हत्तीवरून बेटाला पोर्तुगीज नाव पडले, तो एकोणिसाव्या शतकात हलविण्याच्या प्रयत्नात फुटला. त्याचे तुकडे जोडून उभा केलेला तो हत्ती आज मुंबईच्या जिजामाता उद्यानात आहे. असे असूनही एक गोष्ट लक्षात घेण्याजोगी आहे. मुलाचे लग्न झाले म्हणून घराला एक खोली वाढवू इच्छिणारा गावकरी आपल्याच सरपंचाकडे गेला, तर सरपंचाला अनेकदा त्याचे उत्तर देता येत नाही. उत्तर देणारी कचेरी पाण्यापलीकडे असते, आणि तिच्या प्रमुखाला या गावात मते मागावयाची नसतात.

जलमार्गाबाबतही हीच स्थिती आहे. १८ डिसेंबर २०२४ रोजी ‘गेटवे’हून घारापुरीकडे निघालेल्या प्रवासी बोटीवर नौदलाची वेगवान नौका आदळून दहाहून अधिक माणसे मृत्युमुखी पडली. बोटीने किती प्रवासी घ्यावेत, रक्षक जाकिटे कोणी तपासावीत, बंदरात कोणी किती वेगाने जावे, या प्रश्नांचा घारापुरीच्या रहिवाशांइतका निकटचा संबंध क्वचितच कोणाशी असेल. परंतु यांपैकी एकही प्रश्न ग्रामपंचायतीच्या अधिकारात येत नाही.

विजेची सत्तर वर्षे

देश स्वतंत्र झाल्यानंतर सत्तर वर्षांपर्यंत घारापुरीला कायमची वीज नव्हती. डिझेलवर चालणाऱ्या जनित्राच्या साह्याने संध्याकाळी काही तास दिवे लागत, त्यानंतर काळोख. पश्चिमेस मुंबईच्या दिव्यांची रांग होती, आणि पूर्वेस १९८९ पासून न्हावा-शेवा येथील जवाहरलाल नेहरू बंदराचा लखलखाट होता. दोन्हींच्या मधोमध हे गाव कंदिलावर राहिले. अखेर समुद्रतळातून सुमारे साडेसात किलोमीटर लांबीची केबल टाकण्यात आली आणि फेब्रुवारी २०१८ मध्ये तिन्ही वाड्यांत वीज आली. या कामाला सुमारे पंचवीस कोटी रुपये लागले.

या घटनेतून दोन निष्कर्ष निघतात. पहिला असा की, काही कामे लहान पंचायतीच्या आवाक्याबाहेरची असतात. बाराशे माणसांच्या घरपट्टीतून समुद्राखाली केबल टाकता येत नाही; त्यासाठी राज्याने आणि महानगराने हात दिलाच पाहिजे. दुसरा निष्कर्ष असा की, हात देणारा आपल्या सवडीने देतो. आपली निकड कोणत्या क्रमाने पुरवली जावी हे सांगण्याचे स्थान गावाला नसेल, तर सत्तर वर्षेही थांबावे लागते. जानेवारी २०२४ मध्ये खुला झालेला, शिवडी ते न्हावा-शेवा जोडणारा अटल सेतू बेटाच्या उत्तरेकडून समुद्र ओलांडून जातो. घारापुरीला त्याचे दर्शन घडते. पण तो घारापुरीला थांबत नाही.

उत्तर समुद्रातील एक तुलना

लहान बेटाच्या कारभाराचा विचार करताना नॉर्वेमधील उत्सिरा या बेटाचे उदाहरण बोधप्रद ठरते. नॉर्वेच्या पश्चिम किनाऱ्यापासून दूर, उत्तर समुद्रात असलेल्या या बेटाची लोकसंख्या अवघी दोनशेच्या आसपास, म्हणजे आपल्या मोराबंदर-राजबंदरांसारख्या वाड्यांच्या मापाची आहे. तरीही १९२४ पासून उत्सिरा ही स्वतंत्र नगरपालिका आहे. नॉर्वेत गाव आणि शहर असा भेद न करता अशा प्रत्येक घटकाला ‘कोम्यून’ म्हणतात. तेथील स्थानिक स्वराज्याचा पाया १८३७ च्या कायद्यांनी घातला गेला. सात लाखांहून अधिक वस्तीच्या ऑस्लोवर प्राथमिक शाळा, आरोग्य, वृद्धांची देखभाल, जमीन-नियोजन यांची जी जबाबदारी आहे, तीच उत्सिरावरही आहे. उत्पन्न अपुरे पडते तेथे केंद्रीय अनुदानाने भर घातली जाते. २०१६ साली स्थानिक स्वराज्याचे तत्त्व नॉर्वेच्या संविधानातही नमूद झाले.

उत्सिराच्या इतिहासातील एक प्रसंग महाराष्ट्रातील वाचकास विशेष जवळचा वाटेल. १९२५ च्या निवडणुकीत तेथील बारा जणांच्या सभागृहात अकरा स्त्रिया निवडून आल्या, आणि ओसा हेल्गेसेन ही सुईण नॉर्वेची पहिली स्त्री नगराध्यक्ष झाली. राखीव जागांचा कायदा नसताना ही गोष्ट घडली ती एका इवल्याशा बेटावर.

तेथेही लहान घटकांच्या विलीनीकरणाचा आग्रह वारंवार धरला गेला. १९६० च्या दशकात सातशेहून अधिक कोम्यूनांची संख्या साडेचारशेच्या घरात आली, आणि २०२० साली ती ३५६ झाली. या सर्व फेररचनांतून उत्सिरा टिकून राहिले.

उपसंहार

दोन्ही बेटांची परिस्थिती सारखी आहे असे म्हणता येणार नाही. नॉर्वे हा संपन्न आणि विरळ वस्तीचा देश आहे. तथापि तुलनेतून एक मुद्दा स्पष्ट होतो. आपल्या राज्यघटनेच्या अकराव्या अनुसूचीत पंचायतींसाठी २९ विषय दिलेले आहेत. परंतु कलम २४३-जी नुसार ते प्रत्यक्ष सोपवावेत की नाही, आणि किती, हे राज्य विधिमंडळाच्या इच्छेवर सोडलेले आहे. निवडणूक अनिवार्य, अधिकार ऐच्छिक, अशी ही व्यवस्था आहे.

लेण्यांचे रक्षण पंचायतीने करावे किंवा बोटींचे परवाने तिने द्यावेत, असे कोणी सुचविणार नाही. त्यासाठी लागणारे ज्ञान आणि द्रव्य तिच्यापाशी नाही. मात्र ज्या बैठकीत लेण्यांच्या वेळा, बोटींच्या फेऱ्या, धक्क्याची दुरुस्ती आणि घरबांधणीचे नियम ठरतात, त्या बैठकीत घारापुरीच्या सरपंचाला हक्काने बसता यावे आणि तिकिटाच्या उत्पन्नाचा काही ठरलेला अंश गावाच्या स्वच्छतेसाठी मिळावा, एवढी अपेक्षा अवाजवी नाही. स्मारकाच्या रक्षणालाही त्याने मदतच होईल. लेण्यांपाशी बारा महिने चोवीस तास राहणारी माणसे हीच आहेत. शेवटची बोट गेल्यावर बेटावर दिवा कोणता लावावा आणि वाट कोणती झाडावी, हे त्यांनाच ठरवावे लागते. ज्या प्रमाणात हा निर्णय त्यांच्या हाती येईल, त्या प्रमाणात घारापुरीची पंचायत खऱ्या अर्थाने स्वराज्यसंस्था ठरेल.