सदनिका विक्रीतील छुपे दोष

सदनिका विक्रीतील छुपा दोष म्हणजे विक्रेत्यास ठाऊक असलेला, परंतु खरेदीदारास सामान्य दक्षता घेऊनही न उमगणारा, वास्तूतील किंवा तिच्या मालकीहक्कातील महत्त्वाचा दोष. तो जाणूनबुजून दडवणे ही कायद्याने फसवणूक ठरते. मुंबई उपनगरात, विशेषतः मालाड, कांदिवली, मुलुंड अशा डोंगर आणि खाडी यांलगतच्या भागांत, हा प्रश्न भिंतीच्या ओलीपुरता मर्यादित नसून जमिनीच्या इतिहासाशीही निगडित आहे.

कायदेशीर स्वरूप

मालमत्ता हस्तांतरण अधिनियम, १८८२ च्या कलम ५५ प्रमाणे असा दोष उघड करणे विक्रेत्यावर बंधनकारक आहे. मूळ कलमात केवळ मालमत्तेतील दोषाचा उल्लेख होता; हक्कातील दोषाची भर १९२९ च्या दुरुस्तीने पडली. भारतीय करार अधिनियम, १८७२ नुसार नुसते मौन म्हणजे फसवणूक नव्हे. मात्र बोलणे हे ज्याचे कर्तव्य आहे, त्याचे मौन फसवणूक ठरते. घरविक्रीत ते कर्तव्य कलम ५५ ने घातले आहे.

फसलेल्या खरेदीदारास करार रद्द करवून घेता येतो. परंतु करार अधिनियमाच्या कलम १९ मध्ये एक मोठा अपवाद आहे. मौनातून झालेल्या फसवणुकीत, सामान्य दक्षता घेतली असती तर सत्य कळले असते असे दिसल्यास हा अधिकार मिळत नाही. छताची गळती ताज्या रंगाखाली झाकून घर उन्हाळ्यात दाखवले, तर तो छुपा दोष म्हणता येईल. बाहेर वाढवलेली बाल्कनी मात्र मंजूर नकाशाशी पडताळून पाहता येते, त्यामुळे तेथे खरेदीदाराची बाजू लंगडी पडते.

गंजलेल्या सळया आणि फुगलेले काँक्रीट फॉल्स सीलिंगमागे सहज लपतात. मुंबई महानगरपालिका अधिनियमाच्या कलम ३५३-ब अन्वये ३० वर्षांहून जुन्या इमारतींची संरचनात्मक तपासणी करावी लागते आणि तिचा अहवाल गृहनिर्माण संस्थेकडे असतो. सर्वसाधारण सभेला बसलेल्या विक्रेत्यास तो माहीत असण्याची शक्यता मोठी. बाहेरून आलेल्या खरेदीदारास त्याचा पत्ताही नसतो.

खाजगी वनांचे प्रकरण

हक्कातील दोष किती खोल दडलेला असू शकतो याचे ठळक उदाहरण म्हणजे उपनगरांतील खाजगी वनांचा वाद. भारतीय वन अधिनियम, १९२७ च्या कलम ३५(३) खाली १९५० च्या दशकात अनेक जमिनींबाबत नोटिसा काढण्यात आल्या. पुढे त्यांवर अंतिम निर्णय झाले नाहीत. महाराष्ट्र खाजगी वने (संपादन) अधिनियम, १९७५ ने अशी नोटीस निघालेली जमीनही खाजगी वनाच्या व्याख्येत घेतली आणि खाजगी वने शासनाकडे निहित केली. तरीही नंतरची सुमारे तीन दशके महसुली दप्तरात बहुतांश ठिकाणी तशी नोंद नव्हती. महापालिकेने बांधकाम परवानग्या दिल्या, मुद्रांक शुल्क घेऊन करारांची नोंदणी झाली, कुटुंबे राहायला आली.

२००६ च्या सुमारास 'खाजगी वन' अशा नोंदी चढू लागल्या. मुलुंड, मालाड, कांदिवली, बोरिवली आदी भागांतील रहिवाशांची घरविक्री, कर्जे आणि पुनर्विकास अडकले. मुंबई उच्च न्यायालयाने मार्च २००८ मध्ये शासनाची बाजू मान्य केली. सर्वोच्च न्यायालयाने ३० जानेवारी २०१४ रोजी गोदरेज अँड बॉइस प्रकरणात तो निर्णय फिरवला. अर्धशतकापूर्वीची निपचित पडलेली नोटीस सामान्य नागरिकाने शोधून काढावी, ही अपेक्षा न्यायालयास मान्य झाली नाही.

येथे फसवणूक आणि निव्वळ दोष यांतील सीमारेषा स्पष्ट होते. नोंद चढण्यापूर्वी विकणाऱ्यास दोष ठाऊकच नसेल, तर त्याने काही दडवले असे म्हणता येत नाही. नोंद कळल्यावर ती न सांगता विकणाऱ्याची गोष्ट निराळी.

नवी सदनिका आणि पुनर्विक्री

विकासकाकडून घेतलेल्या घरास स्थावर संपदा (विनियमन व विकास) अधिनियम, २०१६ चे संरक्षण आहे. ताब्यापासून ५ वर्षांत संरचनात्मक दोष दाखवल्यास विकासकाने तो ३० दिवसांत विनामूल्य दुरुस्त करावयाचा असतो. जमिनीच्या सदोष हक्कामुळे झालेल्या हानीच्या भरपाईस मुदतीचा अडसर नाही. तक्रार महारेराकडे करता येते. त्याआधीचा आधार महाराष्ट्र मालकी हक्क सदनिका अधिनियम, १९६३ हा होता. त्याच आधारे, दहिसरच्या पांचाली गृहनिर्माण संस्थेच्या खटल्यात, इमारतीखालची स्टिल्ट पार्किंगची जागा विकासकास स्वतंत्रपणे विकता येत नाही असे सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये ठरवले.

पुनर्विक्रीत मात्र हे छत्र नाही. विक्रेता विकासक नसल्याने महारेराचा मार्ग बंद होतो. उरते ते दिवाणी न्यायालय आणि फसवणुकीचा हेतू असल्यास पोलीस तक्रार. मुदत अधिनियम, १९६३ च्या कलम १७ मुळे दाव्याची मुदत फसवणूक उघडकीस आल्यापासून मोजली जाते, एवढाच दिलासा. झोपडपट्टी पुनर्वसनातील घर विक्रीबंदीच्या काळात कुलमुखत्यारपत्रावर घेणाऱ्याची अवस्था याहून बिकट असते. अशा कागदाने मालकी मिळत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने सूरज लॅम्प प्रकरणात २०११ मध्ये स्पष्ट केले आहे.

कागदपत्रांची पडताळणी

मिळकत पत्रिका, सूची क्रमांक २, भोगवटा प्रमाणपत्र आणि संस्थेचे थकबाकी नसल्याचे पत्र हे नेहमीचे कागद होत. इतिवृत्त आणि तपासणी अहवाल सहसा कोणी मागत नाही. वास्तविक ते आधी मागावेत. हक्कलेख बँकेत ठेवून केलेल्या गहाणाची सूचना दुय्यम निबंधकाकडे देणे महाराष्ट्रात १ एप्रिल २०१३ पासून आवश्यक झाले. त्यापूर्वीचे असे गहाण नोंदणी कार्यालयातील शोधात दिसेलच असे नाही. म्हणून विक्रेता मागील करारनाम्यांच्या केवळ रंगीत छायाप्रती दाखवत असेल, तर मूळ प्रती कोणाच्या ताब्यात आहेत हे विसार देण्यापूर्वी विचारले जाते.