सेवेतला खंड
न्यायसंस्थेची ओळख : लेखांक ७

उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती कसे नेमले जातात, ते मागच्या लेखांकात पाहिले. या पदाकडे दोन वाटा जातात. एक वकिलीतून, किमान दहा वर्षांच्या अनुभवानंतर. दुसरी जिल्हा न्यायालयातून. दोन्हीकडून आलेले न्यायमूर्ती एकाच पीठावर बसतात, एकाच निकालपत्रावर सही करतात आणि सारखाच पगार घेतात. वयाच्या ६२व्या वर्षी निवृत्त झाले की पेन्शनचा हिशेब मात्र कोण कुठल्या वाटेने आले यावर ठरत असे.

या पेन्शनचे नियम १९५४च्या कायद्यात आहेत. त्याच्या पहिल्या परिशिष्टात वकिलीतून आलेल्यांचा भाग वेगळा आणि न्यायसेवेतून आलेल्यांचा वेगळा. वकिलीतून आलेल्यांच्या बाबतीत न्यायमूर्तिपदाची पूर्ण वर्षे तेवढी मोजली जात. पंचावन्नाव्या वर्षी नेमणूक झाली तर हाती सातच वर्षे उरत आणि पूर्ण पेन्शन गाठणे अशक्य होई. न्यायसेवेतून आलेल्यांची जिल्हा न्यायालयातली सेवा मात्र जमेस धरली जाई. पी. रामकृष्णम राजू खटल्यात ३१ मार्च २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ही तफावत दूर केली. पात्रतेसाठी दहा वर्षांची वकिली लागते, तर तेवढी वर्षे पेन्शनसाठीही धरा, असा तो निकाल. २०१६मध्ये संसदेने तो कायद्यात आणला आणि १ एप्रिल २००४पासून लागू केला.

दुसऱ्या वाटेवरची अडचण वेगळी होती. पंजाब आणि हरियाणा उच्च न्यायालयाच्या न्यायमूर्ती राज राहुल गर्ग जिल्हा न्यायाधीश म्हणून ३१ जुलै २०१४ रोजी निवृत्त झाल्या आणि २५ सप्टेंबरला उच्च न्यायालयात रुजू झाल्या. मध्ये जवळपास आठ आठवडे गेले. सेवेत खंड पडला, असे म्हणत सरकारने त्यांच्या पेन्शनला आक्षेप घेतला. ‘सेवेत खंड’ या दोन शब्दांचा धसका काय असतो, हे आपल्याकडच्या कुठल्याही निवृत्त शिक्षकाला विचारावे. नेमणुकीच्या कागदपत्रांना लागलेला वेळ काही न्यायमूर्तींच्या हातात नव्हता. १५ मार्च २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्यांच्या बाजूने निकाल दिला : पेन्शन उच्च न्यायालयातल्या शेवटच्या पगारावरच ठरेल.

तरी प्रश्न उरलेच. २००४नंतर न्यायसेवेत आलेल्यांना नवी पेन्शन योजना लागू होती, त्यांचे काय? कायम होण्याआधीच निवृत्त झालेल्या अतिरिक्त न्यायमूर्तींचे काय? १९ मे २०२५ रोजी तत्कालीन सरन्यायाधीश भूषण गवई यांच्या अध्यक्षतेखालील पीठाने सगळ्यांना एकच उत्तर दिले. अमरावतीचे गवई स्वतः वकिलीच्या वाटेने आलेले. सरन्यायाधीशपदी येऊन त्यांना जेमतेम पाच दिवस झाले होते. निवृत्त मुख्य न्यायमूर्तींना वर्षाला १५ लाख आणि इतर सर्व न्यायमूर्तींना, अतिरिक्त धरून, साडेतेरा लाख रुपये मूळ पेन्शन मिळेल, असे पीठाने ठरवले. न्यायमूर्तींचा मासिक मूळ पगार सव्वादोन लाख, म्हणजे वर्षाचे सत्तावीस लाख; साडेतेरा लाख हे त्याचे निम्मे. कुठल्या वाटेने आलात, किती वर्षे होतात, मध्ये खंड पडला का, हे यापुढे विचारायचे नाही. नव्या योजनेत न्यायमूर्तींनी भरलेली रक्कम लाभांशासह परत करायची.

ही रक्कम सामान्य माणसाला मोठी वाटेल, आणि ते स्वाभाविक आहे. पण उच्च न्यायालयापुढे सर्वांत जास्त वेळा उभा राहणारा पक्षकार सरकारच असते. सरकारविरुद्ध निकाल देणाऱ्याची म्हातारपणाची भाकरी त्याच सरकारच्या मर्जीवर असू नये, म्हणून घटनाकारांनी ही पेन्शन भारताच्या संचित निधीवर भारित केली आणि नेमणुकीनंतर ती न्यायमूर्तींच्या तोट्याची ठरेल अशी बदलण्यास मनाई केली. कायम न्यायमूर्तींना निवृत्तीनंतर आपल्याच उच्च न्यायालयात वकिली करता येत नाही, हेही लक्षात घ्यायला हवे. ही पेन्शन आपल्याला मिळणाऱ्या निर्भय निकालाची हमी आहे, असे मी मानतो.

मग हीच हमी तालुक्याच्या आणि जिल्ह्याच्या न्यायालयाला नको का? आपल्यातले बहुतेक जण न्याय मागायला जातात ते तिथेच. दीर्घ सेवेनंतर जिल्हा न्यायाधीशांना महिना १९-२० हजारांची पेन्शन मिळते, याबद्दल २०२४मध्ये तत्कालीन सरन्यायाधीश धनंजय चंद्रचूड यांनी भर न्यायालयात चिंता व्यक्त केली होती. त्या न्यायाधीशांच्या लढ्याविषयी पुढील लेखांकात.